गोव्याचे थोरले घर

असीरगड आपल्या चांदनी-नेपानगरच्या मंडळींना नवा नाही. श्रावणात पाहुण्यारावळ्यांना घेऊन वरच्या महादेवाला जाऊन आलेले नाही असे घर आपल्याकडे विरळाच. अश्वत्थामा रोज पहाटे तिथे फूल वाहून जातो ही गोष्ट लहान पोरालाही पाठ असते. संबळपूरचे सुरेंद्र साय याच गडावर इंग्रजांच्या कैदेत राहून १८८४ साली वारले, हे मात्र फार थोड्यांना ठाऊक असते. सात फिरंग्यांची गोष्ट तर त्याहूनही कमी लोकांना माहीत असेल.

अकबराने जानेवारी १६०१ मध्ये असीरगड घेतला आणि बुऱ्हाणपूरचे फारुकी राज्य संपले. त्या वेढ्याच्या वेळी बादशहाच्या छावणीत जेरोम झेवियर नावाचा जेझुइट पाद्री होता. जुन्या गोव्यात ज्यांचे शव ठेवले आहे त्या फ्रान्सिस झेवियर यांच्याच नात्यातला. जेझुइटांच्या वृत्तांतात असे आले आहे की, गडाचा बचाव करणाऱ्यांत सात पोर्तुगीज होते आणि ते सर्व मुसलमान झालेले होते. गड पडल्यावर पाद्रीबुवांनी बादशहाकडून त्यांना मागून घेतले आणि पुन्हा ख्रिस्ती केले.

ही हकीकत वाचल्यावर आमच्या मनात पहिला प्रश्न आला तो असा, की हेच सात जण गोव्याला सापडले असते तर? कारण धर्म सोडलेल्या ख्रिस्ती माणसाचा निवाडा करणारी एक कचेरी तेव्हा गोव्यात उघडून चाळीस वर्षे झाली होती. तिचे पोर्तुगीज नाव ‘सांतो ओफिसियो’, म्हणजे पवित्र कचेरी. इंग्रजीत तिला इन्क्विझिशन म्हणतात, मराठी ग्रंथांत धर्मसमीक्षण सभा. पण गोव्याच्या सामान्य माणसाने तिला जे नाव दिले ते आम्हाला सगळ्यांत नेमके वाटते. तो तिला ‘ओर्लें घर’ म्हणत असे, म्हणजे थोरले घर.

आम्ही इतिहासाचे प्राध्यापक नव्हे. पदविका घेऊन सरकारी नोकरीत लागलो, वीस वर्षे मोजमाप-पुस्तक आणि नस्त्या सांभाळल्या. पण आपल्यातल्या काही घरांची कुलदैवते मंगेशी, शांतादुर्गा, म्हाळसा ही आहेत, आणि कुलाचारासाठी गोव्याला जाऊन आलेली मंडळी ‘इन्क्विझिशनने देवळे पाडली, हजारो हिंदू जाळले’ एवढे एक वाक्य घेऊन परत येतात. या वाक्यात खरे किती हे पाहावे म्हणून आम्ही वाचू लागलो. मूळचे प्रियोळचे आणि १९५१ च्या कारवार साहित्य संमेलनाचे अध्यक्ष राहिलेले अ. का. प्रियोळकर यांनी या विषयावर इंग्रजीत ग्रंथ लिहिला. तो १९६१ साली आला, त्याच वर्षाच्या डिसेंबरात गोवा मुक्त झाला. आमच्या वाचनाचा मुख्य आधार तोच.

आधी देवळांविषयी. आफोन्सो द आल्बुकेर्कने १५१० साली गोवा घेतला. तिसवाडीतली देवळे १५४० च्या सुमारास पाडली गेली, बार्देश आणि साष्टीतली १५६० च्या दशकात. हे काम व्हाइसरॉयच्या सरकारचे आणि पाद्र्यांच्या संघांचे होते. आईबाप नसलेली हिंदू मुले ताब्यात घेऊन त्यांचा बाप्तिस्मा करण्याचा १५५९ चा हुकूमही राजाचाच. कुशस्थळीचा मंगेश खाडी ओलांडून प्रियोळला गेला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला, वेर्ण्याची म्हाळसा म्हार्दोळला. पलीकडचा अंत्रुज महाल तेव्हा आदिलशाहीत होता. तिथे पोर्तुगीज अंमल यायला १७६३ उजाडले, आणि तोवर त्यांची देवळे पाडण्याची हौस ओसरली होती. म्हणून आजही आपली कुलदैवते फोंड्याच्या आसपासच्या डोंगरांच्या कुशीत दाटीने बसलेली दिसतात.

तेव्हा देवळे पाडली हे खरे, पण ती थोरल्या घराने पाडली नाहीत. मग थोरले घर करीत काय होते?

पोर्तुगालात ही कचेरी १५३६ साली सुरू झाली. तिथे ज्यूंना बळजबरीने ख्रिस्ती केले होते आणि ते घरात गुपचूप जुना धर्म पाळतात असा संशय होता. अशी पुष्कळ कुटुंबे व्यापारउदीमासाठी गोव्यात आलेली होती. फ्रान्सिस झेवियर यांनी १५४६ साली राजाला पत्र लिहून गोव्यातही ही कचेरी हवी अशी मागणी केली, आणि १५६० साली आलेइशो दियश फाल्कांव व फ्रान्सिश्कु मार्केश हे दोन न्यायाधीश जहाजाने येऊन दाखल झाले. पोर्तुगालबाहेरची ही त्यांची एकमेव कचेरी. आफ्रिकेच्या टोकापासून मकावपर्यंत तिची हद्द होती. दमण, वसई, चौल अशा ठिकाणी तिचे मुखत्यार बसत.

राहायला जागा मिळाली ती साबायोच्या वाड्यात. साबायो म्हणजे आदिलशहा, पोर्तुगीज त्याला त्या नावाने ओळखत. हा जुन्या राजवटीचा वाडा. १५५४ पर्यंत त्यात पोर्तुगीज गव्हर्नर राहत, ते निघून गेल्यावर काही वर्षांनी धर्मकचेरी आली. से कॅथेड्रलजवळच्या मोठ्या चौकात त्याचे दर्शनी तोंड होते. एकाच इमारतीत न्यायाधीशांची निवासस्थाने, प्रार्थनामंदिर, दिवाणखाना, दप्तर आणि मागच्या अंगाला तुरुंग. महाल आणि कोठडी यांच्यात फक्त भिंतीचे अंतर.

त्या तुरुंगाचे आतून केलेले वर्णन आपल्यापर्यंत पोचले ते शार्ल देलों नावाच्या फ्रेंच वैद्यामुळे. हा तरुण दमणमध्ये वैद्यकी करून राहिला होता. बोलायला मोकळा. बाप्तिस्म्याविषयी काही वाद घातला, मूर्तीला ओठ लावायला कंटाळला, धर्मकचेरीचे न्यायाधीशही माणसेच, चुकू शकतात, असे कुठेसे बोलून गेला. शिवाय एका बाईवरून दमणच्या गव्हर्नरचा आणि एका पाद्र्याचा त्याच्यावर राग होता, असे तो स्वतः लिहितो. १६७३ च्या ऑगस्टात त्याला धरले, वसईच्या तुरुंगातून जहाजाने गोव्याला नेले आणि १६ जानेवारी १६७४ रोजी थोरल्या घरात आणले. म्हणजे इकडे रायगडावर राज्याभिषेकाची तयारी चालू असेल त्या महिन्यांत हा मनुष्य दहा फूट लांब-रुंद कोठडीत बसला होता.

अशा सुमारे दोनशे कोठड्या होत्या असे त्याचे म्हणणे. काहींना वर एक लहान झरोका, काहींना तोही नाही. प्रत्येक कोठडीला दोन दारे. आतल्या दाराला जेवण सरकवण्यापुरती खिडकी, बाहेरचे दार सकाळी हवा खेळावी म्हणून काही तास उघडे ठेवत. गोऱ्या कैद्यांना पाव, देशी कैद्यांना सकाळी पेज आणि पुढे भात-मासळी. मारहाणीपेक्षाही त्याने ज्या गोष्टीवर जास्त लिहिले आहे ती म्हणजे शांतता. तिथे बोलायचे नाही, रडायचे नाही, मोठ्याने प्रार्थनासुद्धा करायची नाही. आवाज झाला की पहारेकरी येऊन मारत. त्यामुळे दोनशे कोठड्यांच्या इमारतीत शेजारी कोण आहे हे कुणाला कळत नसे. नोव्हेंबर-डिसेंबरच्या पहाटे मात्र छळ होत असलेल्यांच्या किंकाळ्या त्याला ऐकू येत. एकदा त्याने जीव द्यायचाही प्रयत्न केला.

चौकशीची खोली थाटाची होती. मध्ये चौथऱ्यावर लांबलचक टेबल, भोवती खुर्च्या, आणि भिंतीशी जवळजवळ छताला टेकेल एवढा मोठा क्रूस. आरोपीला तिथे उभे करून आरोप वाचून दाखवत नसत. तुला इथे का आणले आहे ते तूच सांग, असे विचारत. ठाऊक नाही म्हटले तर आठवण करण्यासाठी परत कोठडीत. पुन्हा काही आठवड्यांनी बोलावणे, पुन्हा तोच प्रश्न. तक्रार कुणी केली, साक्षीदार कोण, हे शेवटपर्यंत सांगायचे नाही. कबुली दिली तरी ती अपुरी असली तर खोटी, आणि पुरी कशी करायची हे कळायला मार्ग नाही.

आमच्या नोकरीत चौकशा होतात, त्या आम्ही जवळून पाहिल्या आहेत. साधी खातेनिहाय चौकशी असली तरी आरोपपत्र हातात पडते, दस्तऐवज मागता येतात, साक्षीदाराला प्रश्न विचारता येतो. त्यावर आपण कुरकुर करतो की सगळे कागदी घोडे. थोरल्या घरातही कागदाला तोटा नव्हता. चिटणीस होते, प्रत्येक शब्द टिपला जात होता, दर कामाला लिखित नियम होता. तुरुंगाधिकारी, वैद्य, सरकारी वकील सगळे पगारी. एवढी चोख कचेरी त्या काळात आशियात दुसरी नसेल. फक्त तो कागद ज्याच्याविषयी होता त्याला कधी दाखवत नसत. आणि माणूस आत गेला की त्याची मालमत्ता जप्त. लिलावात धर्मकचेरीचे अधिकारी आपले नोकर पाठवत आणि त्यांच्यावर बोली चढवायची कुणाची छाती होत नसे, असे देलोंने लिहून ठेवले आहे.

दोन-तीन वर्षांनी एकदा निकालाचा सोहळा होई. पोर्तुगीज त्याला ‘आवतो दा फे’ म्हणत. सूर्योदयापूर्वी कॅथेड्रलची मोठी घंटा वाजे आणि सारे शहर रस्त्याच्या कडेला जमे. कैदी अनवाणी, अंगात पिवळा झगा. ज्याला जाळायचे त्याच्या झग्यावर ज्वाळांत त्याचे स्वतःचे चित्र काढलेले. १२ जानेवारी १६७६ च्या मिरवणुकीत देलों चालला. त्याला पाच वर्षे गलबतावर सक्तमजुरी आणि हद्दपारी झाली, पुढे सुटला, आणि १६८७ साली त्याने आपली हकीकत छापली. त्या दिवशी जाळलेले दोघे होते. एक पुरुष, एक स्त्री, दोघेही देशी ख्रिस्ती, आरोप जादूटोण्याचा. त्यांच्याबरोबर चार मेलेल्या माणसांची हाडे पेट्यांतून आणून जाळली.

मेलेल्यांवरही खटले चालत. गार्सिया द ओर्ता हा त्यातला सर्वांत मोठा मनुष्य. मुंबई बेट ज्याच्याकडे खंडाने होते तो हा वैद्य. हिंदुस्थानातील औषधी वनस्पतींवरचा त्याचा ग्रंथ १५६३ साली गोव्यातच छापला गेला. तो १५६८ मध्ये वारला. पुढच्याच वर्षी त्याची बहीण कातारिना हिला गुप्त ज्यू म्हणून जाळले, आणि १५८० साली त्याची स्वतःची हाडे उकरून जाळली. पणजीच्या मध्यावर बाग आहे, तिला आता त्याचे नाव आहे.

बाहेरच्या देशच्या पाद्र्यांचीही गय नव्हती. ताव्हर्निये हा फ्रेंच जवाहीर आपल्याला परका नाही. आग्र्याच्या वाटेवर तो बुऱ्हाणपूरला थांबला आणि इथले कलाबतूचे तलम कापड इराण-तुर्कस्तानपर्यंत जाते असे त्याने लिहिले. त्यानेच मद्रासच्या एफ्राइम नावाच्या फ्रेंच साधूची गोष्ट सांगितली आहे. १६४९ साली पोर्तुगिजांनी या साधूला सांथोम येथे पकडून गोव्याच्या धर्मकचेरीत नेले. गोवळकोंड्याच्या कुतुबशहाने त्याच्यासाठी सांथोमवर फौज पाठवायची धमकी दिली, तेव्हा कुठे त्याची सुटका झाली. एका ख्रिस्ती साधूला ख्रिस्ती कचेरीतून सोडवायला मुसलमान सुलतान उभा राहिला.

आता आकड्यांविषयी. १५६१ ते १७७४ या काळात थोरल्या घरात सोळा हजारांहून अधिक खटले चालले. उरलेल्या यादींवरून मोजलेला जिवंत जाळलेल्यांचा आकडा ५७ आणि पुतळ्याच्या रूपाने जाळलेल्यांचा ६४ आहे. सभेत बोलताना आपण जे हजारोंचे आकडे फेकतो त्यापुढे हा कमी वाटेल. पण सोळा हजार माणसे त्या कोठड्यांत कधी ना कधी बसली, आणि त्या वेळच्या गोव्याची वस्ती पाहता हा आकडा काही लहान नव्हे. गावात प्रत्येकाच्या ओळखीचे कुणीतरी आत जाऊन आलेले असणार, आणि बाहेर आल्यावर आतले काही सांगणार नाही अशी शपथ घेतलेले.

ही माणसे कोण होती? पहिल्या काही दशकांत बहुतेक ज्यू वंशाची. पुढे सर्वांत जास्त भरणा झाला तो देशी ख्रिस्ती लोकांचा, आणि आरोप एकच, बाप्तिस्मा झाल्यावरही जुन्या चालीरीती पाळणे. हिंदूंवरही खटले झाले, विशेषतः धर्मांतरात अडथळा आणला किंवा ख्रिस्त्याला पूजेत सामील करून घेतले म्हणून. पण कायद्याने या कचेरीचा पहिला हक्क बाप्तिस्मा झालेल्यावरच होता. म्हणजे खाडी ओलांडून देव घेऊन गेले ते या कचेरीच्या हातून बरेचसे सुटले. जमीन, आजारी म्हातारी, लहान मुले, कर्ज, कशाकशामुळे जे मागे राहिले आणि पाण्याखाली डोके वाकवून आले, त्यांच्यासाठी थोरले घर होते. दोन भावांतला एक प्रियोळला गेला असेल आणि एक कुठ्ठाळीत राहिला असेल. आपण आज गोव्याला जाऊन पहिल्याच्या वंशजांकडे कुलदैवताचे दर्शन घेतो, आणि दुसऱ्यावर जे गुदरले त्याचा हिशेब आपल्यावरच्या अन्यायात मांडून त्याच्या वंशजाला मात्र परका म्हणतो. आम्हाला हे पटत नाही.

त्या दुसऱ्या भावाच्या घरात काय चालले होते याचा पुरावा खुद्द कचेरीनेच ठेवला आहे. १४ एप्रिल १७३६ रोजी तिने एक लांबलचक जाहीरनामा काढला आणि देशी ख्रिस्त्यांनी काय करू नये त्याची यादी दिली. लग्नात ओव्या गायच्या नाहीत. नवरा-नवरीला हळद, तेल, नारळाचा रस लावायचा नाही. अंगणात तुळस लावायची नाही, असेल ती उपटावी. एकादशी करायची नाही. हिंदू करतात तसा बिनमिठाचा भात शिजवायचा नाही. पुरुषांनी धोतर नेसायचे नाही, बायकांनी चोळी घालायची नाही. हिंदू नावाने कुणाला हाक मारायची नाही.

ही यादी वाचताना आम्हाला कुणाच्या तरी आजीचे घर डोळ्यांसमोर आले. आणि एक गोष्ट ध्यानात घ्या. कचेरी सुरू होऊन तेव्हा पावणेदोनशे वर्षे झाली होती. सहा-सात पिढ्या गेल्या, तरी तुळस उपटा म्हणून हुकूम काढावा लागत होता. बंदी लिहून निघते याचा अर्थ ती गोष्ट चालू असते, हे कुठल्याही सरकारी माणसाला सांगावे लागत नाही.

शेवट फार रुबाबदार झाला नाही. १७७४ साली पोर्तुगालच्या पोंबाल या मंत्र्याने कचेरी बंद केली, राज्य बदलल्यावर १७७८ मध्ये ती पुन्हा उघडली. १८०८ साली क्लॉडियस बुकॅनन नावाचा इंग्रज पाद्री देलोंचे पुस्तक बरोबर घेऊन गोव्याला आला आणि एका न्यायाधीशाकडेच पाहुणा म्हणून उतरला. त्याने त्यांना पुस्तक वाचायला दिले. न्यायाधीश काही ठिकाणी हे खोटे म्हणाले, पण पुष्कळसे त्यांना नाकारता आले नाही. दिवाणखाना त्यांनी दाखवला. कोठड्या दाखवा म्हटल्यावर मात्र नकार दिला. जाताना बुकॅननला दिवाणखान्यापाशी एक गरीब बाई आपल्या बोलावण्याची वाट पाहत बसलेली दिसली. तिचे पुढे काय झाले हे त्याला कळले नाही.

चार वर्षांनी, १८१२ साली, इंग्रजांच्या दबावाखाली पोर्तुगालने गोव्याची कचेरी कायमची मोडली. व्हाइसरॉय सार्झेदासचा काउंट याच्यापुढे दप्तराचे काय करायचे हा प्रश्न होता. खटल्यांच्या नस्त्यांत अनेक प्रतिष्ठित घराण्यांची नावे होती. बहुतेक दप्तर जाळले गेले. थोडा पत्रव्यवहार ब्राझीलमध्ये रिओला पोचला, १६२३ पर्यंतच्या खटल्यांची एक सूची लिस्बनमध्ये आहे. आम्ही नेपानगरच्या कागद गिरणीच्या सावलीत राहणारे, कागद जळतो तेव्हा काय जाते याची आम्हाला थोडी कल्पना आहे. त्या नस्त्यांत चिटणिसाच्या अक्षरात सोळा हजार देशी-परदेशी माणसांचे बोलणे होते. माणसांना मुके करून मिळवलेली ती साक्ष शेवटी कुणाच्याच हाती लागली नाही.

वाडाही उरला नाही. राजधानी पणजीला हलली आणि जुन्या गोव्याच्या इमारती उकलून दगड तिकडे नेण्याचा सपाटा चालला. १८३० च्या सुमारास थोरले घर पाडले. राहिलेला ढिगारा १८५९ साली फ्रान्सिस झेवियर यांच्या शवदर्शनाची गर्दी यायची म्हणून साफ केला. आम्ही कुटुंबासह गेलो तेव्हा कॅथेड्रलसमोरच्या हिरवळीवर शाळेची मुले डबे खात बसली होती. बांधकामातला माणूस म्हणून पाया कुठे दिसतो का ते आम्ही बराच वेळ पाहत फिरलो, काही हाती लागले नाही. घंटा मात्र तीच आहे, कॅथेड्रलच्या उरलेल्या एका मनोऱ्यात. दुसरा मनोरा १७७६ मध्ये पडला. चौकशीचे लांब टेबल गोवा राज्य संग्रहालयाने जपले आहे. तो मोठा क्रूस पणजीच्या फोंतेन्यासमधील सेंट सेबॅस्टियनच्या लहान चॅपेलात लावला आहे. इतर क्रूसांवरच्या येशूची मान झुकलेली आणि डोळे मिटलेले असतात. याचे डोळे उघडे आहेत.

गोव्यातली काही हिंदू घराणी चतुर्थीला मातीची मूर्ती आणत नाहीत, कागदावरच्या चित्राची किंवा पत्रीची पूजा करतात. मूर्ती लपवणे कठीण, कागद गुंडाळून ठेवता येतो, तेव्हापासून ही चाल पडली, असे त्या घरांत सांगतात. आणि ख्रिस्ती घरांत लग्नाच्या आदल्या दिवशी ‘रोस’ होतो. नवरा-नवरीला आपापल्या घरी पाटावर बसवून आधी आई, मग मावश्या, आत्या, शेजारणी नारळाचा रस अंगाला चोळतात आणि बायका कोकणीत गाणी म्हणतात.